सागाच्या आठ खांबांचं घर

लोक विचारतात, तुमच्या हातून निघालेला सगळ्यात चांगला शॉट कोणता. मी सभ्य माणसासारखा हसतो, एखाद्या गाजलेल्या चित्रपटातलं काहीतरी सांगतो आणि विषय बदलतो. खरं म्हणजे तो शॉट लोकांनी कधी पाहिलेलाच नाही. आणि त्याची आठवण निघाली की या वयातही माझं डोकं फिरतं.

तेव्हा चित्रपट मुके होते आणि कॅमेरा हातानं चालायचा. सेकंदाला हँडलचे दोन फेरे, हा आमचा ठरलेला वेग. फेरे वाढवले की पडद्यावर सगळं संथ दिसायचं, पण फिल्मही तेवढीच जास्त लागायची. आमच्या कंपनीच्या मालकाचा फिल्मवर पोटच्या पोरापेक्षा जास्त जीव. हातभर तुकडा वाया गेला तरी तो सगळ्यांदेखत उभं-आडवं घ्यायचा. मी कोरीटच्या शेतकऱ्याचा मुलगा, मुंबईत कसाबसा चिकटलेला. हात आखडता ठेवायची सवय मला तिथेच लागली.

एका राजाच्या गोष्टीसाठी कंपनी माझ्याच गावाकडे, खांडबाऱ्याला उतरली. स्टेशनापासून बैलगाडीनं तीन कोस आत भिलांचा पाडा होता. राजाचे शिपाई गाव जाळतात, असा प्रसंग घ्यायचा होता. आमच्या सुतारानं बांबू-गवताची एक झोपडी उभी केली. भर वैशाख, गवत कडकडीत वाळलेलं. काडी लावली आणि सगळं भसकन पेटून गेलं. वेग वाढवायला हवा हे मला दिसत होतं. पण मालकाचं तोंड डोळ्यांपुढे आलं आणि मी दोनच फेऱ्यांनी फिरवत राहिलो. पडद्यावर ती आग फुस्स दिसणार, हे हँडल सोडतानाच मला कळलं होतं. चूक माझी होती. पण मी डायरेक्टरला म्हणालो, झोपडीच कच्ची होती, त्याला कोण काय करणार. केवढा शहाणा मी.

डायरेक्टरनं तेच उचलून धरलं. आता त्याला पक्कं, खरं घर जाळायला हवं झालं. पाड्याच्या टोकाला तसं एकच होतं, एका म्हाताऱ्याचं. बायको वारलेली, मुलगी सासरी, घरात हा एकटा. घराला सागाचे आठ खांब, चांगले मांडीएवढे जाड. जंगलावर सरकारी बंदी यायच्या आधी त्याच्या बापानं ते उभे केले होते. आता सागाला कुऱ्हाड लावायची तर परवाना हवा, आणि भिलाला परवाना कोण देतो? डायरेक्टरला यातलं काही ठाऊक नव्हतं. मला सगळं ठाऊक होतं.

म्हाताऱ्यानं मुंबईवाल्यांना सरळ नाही म्हणून सांगितलं. तेव्हा डायरेक्टर माझ्याकडे वळला. तू इकडचा, तूच समजाव, आठ दिवसांत नवं घर बांधून देतो म्हणावं. मी गेलो. म्हाताऱ्याची बोली भिली, पण बाजारहाटामुळे अहिराणी त्याला चांगली यायची. त्यानं मला खाट टाकून दिली, पाणी दिलं, सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं.

"लाकडं कोन दी? जंगल ते सरकारनं शे."

"मी दिसू," मी लाकडं द्यायचा शब्द दिला. "मी मुंबईना नही, कोरीटना शे."

तरुणपणी तो कोरीटला कापूस वेचायला येऊन गेला होता. गावाचं नाव ऐकलं आणि त्याचा चेहरा सैल झाला. त्यानं धान्याची कणगी, चार भांडी आणि कोंबड्यांची टोपली बाहेर काढली आणि माझ्या कॅमेऱ्याच्या तिपाईमागे येऊन उभा राहिला.

या खेपेला मी चार फेरे दिले. छप्पर खाली बसलं तरी आठही खांब उभ्याउभ्या जळत होते, धूर हळूहळू बाजूला सरकत होता, काचेवरून डोळा काढवेना. मला आनंद होत होता. हो, आनंद, आता लपवून काय करू? हेच चार फेरे त्या गवताच्या झोपडीला दिले असते, तर म्हाताऱ्याचं घर राहिलं असतं. हँडल सोडून मागे पाहिलं तर तो तिथेच उभा होता.

दुसऱ्या दिवशी जंगलखात्याचा नाकेदार आला आणि त्यानं लाकडाला साफ नकार दिला. धुळ्याच्या कचेरीचा हुकूम आणा म्हणाला. डायरेक्टरनं हात झटकले. "बांबूचं बांधेल की, या लोकांना काय लागतं," असं तोंड वर करून म्हणाला. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. आणि मी काय केलं? कॅमेरा पेटीत भरला आणि गाडीत बसलो. नोकरीची भीती, दुसरं काय. मुंबईहून धुळ्याच्या कचेरीला दोन अर्ज पाठवले. उत्तर आलं नाही, आणि तिसरा अर्ज मी लिहिला नाही.

चित्रपट जोडून झाला. मालकानं पाहिला आणि आगीशी येऊन थांबवला. यात नायिका कुठाय, म्हणाला. नव्हतीच ती. मग कशाला लांबवता, काढा. माझ्यासमोर कात्री लागली आणि तुकडा टोपलीत पडला. त्या दिवशी मी आयुष्यात पहिल्यांदा मालकावर ओरडलो, घसा फाटेस्तोवर ओरडलो. तो माझ्याकडे बघतच राहिला. शॉटच तर आहे, एवढं काय झालं, असं त्याला खरोखर वाटत होतं.

दिवाळीला घरी गेलो आणि तिथून पाड्यावर. सगळं खरं सांगायचं, असं वाटभर घोकत गेलो. म्हातारा जुन्या जागेवरच बांबूच्या कुडाच्या खोपटात राहत होता, वर पळसाची पानं. पावसाळा त्यानं त्यातच काढला होता. त्यानं मला शिव्या घालाव्यात असं मनापासून वाटत होतं. त्यानं पाणी दिलं. लाकडाचं नावही काढलं नाही. शेजारी बसला आणि अडखळत विचारलं.

"लोकेसनी देखं का मन्हं घर?"

वाटभर घोकलेलं मी बाजूला ठेवलं.

"देखं," मी म्हणालो आणि सगळ्यांनी पाहिलं म्हणून ठोकून दिलं. "बठ्ठासनी देखं."

म्हातारा उठला. आजूबाजूच्या चार घरांतल्या माणसांना हाका मारून बोलावलं आणि माझ्याकडे हात करून आपल्या बोलीत त्यांना सांगू लागला. मला त्यातलं 'मुंबई' एवढंच कळलं. ती माणसं माझ्याकडे आदरानं बघत होती. कोणीतरी धोंडा उचलावा, असं मला वाटत होतं. म्हाताऱ्यानं माझ्या शब्दावर पुन्हा विश्वास ठेवला होता.