मॅलिस यांनी उमटवलेली एकच मुद्रा

मॅलिस बावीस वर्षे कॅथीड्रलचे दफ्तर सांभाळीत होते. कोणत्या कागदावर कोणाची मुद्रा चालते आणि कोणाची चालत नाही, हे धर्मप्रांतात त्यांच्याइतके नेमके कोणालाच ठाऊक नव्हते. म्हणूनच म्हातारे बिशप वारले तेव्हा धर्ममंडळाने, एका हर्बर्टचे मत वगळता, त्यांना बिशप निवडले. आता अविन्योंला, म्हणजे पोप तेव्हा राहत त्या फ्रान्सकडच्या नगरीत, जाऊन त्यांची मंजुरी आणायची, एवढेच उरले होते. ती मिळेपर्यंत निवडलेल्या माणसाने बिशपचे कोणतेही काम करायचे नाही. केले, तर निवड रद्द. हा नियम मॅलिस यांनीच कित्येक तरुण पाद्र्यांना शिकवला होता.

वादळामुळे त्यांना नेणारे जहाज बंदरात अडकून पडले. त्याच आठवड्यात डोंगरापलीकडच्या खोऱ्यातून मारिओटा नावाची विधवा चालत आली. तिथला पाद्री मरून चार महिने झाले होते. तेव्हापासून सात माणसे अंतिम विधीवाचून गेली, त्यांत तिचा मुलगा होता. डुगल नावाचा पाद्री यायला तयार होता. परंतु नेमणुकीच्या पत्रावाचून जमीनदार त्याला चर्चची किल्ली देईना.

अधिकार अजून आपल्या हाती आलेला नाही, वसंतापर्यंत थांबा, असे मॅलिस यांनी तिला समजावले.

"या की वसंतात, पाद्रीबाबा," ती म्हणाली. "थडगी मोजायला कुणीतरी लागेलच. तुमचा पोप काय, ऊन पडल्याशिवाय उठत नाही होय?"

धर्ममंडळापुढे विषय ठेवावा, तर हर्बर्ट तो लांबवणार, हे उघड होते. मॅलिस यांनी मारिओटासमोरच डुगलच्या नेमणुकीचे पत्र लिहून त्यावर मुद्रा उमटवली. बिशप म्हणून नव्याने कोरून घेतलेली ती मुद्रा एकदा मेणात उमटलेली पाहावी, अशी इच्छाही मनात होती. ती नव्हती असे म्हणणे खोटे ठरेल.

ते अविन्योंला पोहोचले, तेव्हा जमीनदाराकडून मिळवून हर्बर्टने धाडलेले ते पत्र तिथल्या मेजावर आधीच पडलेले होते. मुद्रा तुमचीच का, एवढेच त्यांना विचारण्यात आले. त्यांनी होय म्हटले. निवड रद्द झाली आणि बिशपपद हर्बर्टला मिळाले.

डुगलची नेमणूक अवैध ठरवणे, हा नव्या बिशपांचा पहिला हुकूम. तो लिहायला त्यांनी मॅलिस यांनाच बसवले.

"अक्षर तुमचंच सुरेख," हर्बर्ट म्हणाले. "आणि तिथं जाऊन वाचूनही तुम्हीच दाखवा. ते लोक तुम्हालाच बिशप समजतात म्हणे."

मॅलिस यांनी खोऱ्यातल्या चर्चमध्ये हुकूम शब्दन् शब्द वाचला. डुगल मान खाली घालून बाहेर पडला. मारिओटा मात्र पुढे आली. डुगल खोऱ्यात आल्यावर महिन्याभरात तिची सून बाळंतपणात अचानक गेली होती. त्याच्या आठवडाभर आधी, ती धडधाकट असताना, डुगलने त्या सुनेचे पाप ऐकून तिला क्षमा दिली होती.

"ती क्षमा तरी चालते ना, बाबा?"

मॅलिस यांना खोटे बोलता आले असते.

"नियमानं पाहिलं, तर नाही," ते म्हणाले.

"मग माझ्यासमोर मुद्रा उठवलीत, तेव्हा का नाही नियमानं पाहिलंत?"

त्यांनी दार ओढून घेतले आणि किल्ली जमीनदाराच्या माणसाला दिली. पुढे नऊ वर्षे ते हर्बर्ट यांचे दफ्तर सांभाळीत राहिले. त्या खोऱ्यासाठी पाद्री नेमण्याचे पत्र लिहायला त्यांना कोणी सांगितले नाही.