सोंगट्यांवरच्या खुणा

डबे आवरले की आम्ही ऑफिसातले चौघे मोबाईलवर ऑनलाइन लुडो खेळतो. काल सावंत मॅडमनी गायकवाड सरांच्या फोनमध्ये डोकावून पाहिलं आणि त्या ओरडल्याच, "अहो, हे आपलं ॲप नाही! कुणीतरी बदललेलं आहे. तरीच रोज जिंकता!"

बदललेल्या ॲपवर हवा तो आकडा पाडता येतो, हे सगळ्यांनी ऐकलेलं असतं. त्यामुळे हल्ली जिंकणाऱ्याचं कौतुक होण्याआधी त्याचा संशय येतो. मलाही आला. 'उद्यापासून आपण तिघंच खेळू,' हे वाक्य माझ्या ओठांवर आलं होतं.

सरांनी फोन टेबलावर ठेवला. प्रत्येक रंगाच्या सोंगटीवर वेगळी खूण होती. कुठे त्रिकोण, कुठे फुली. "मला लाल आणि हिरवा सारखाच दिसतो हो," ते म्हणाले. "फासा तुमच्यासारखाच पडतो."

मला शाळा आठवली. फळा दिसत नव्हता म्हणून गुरुजींनी मला पहिल्या बाकावर बसवलं, तर पोरं 'लाडोबा' म्हणून चिडवायची. त्या बाकामुळेच मी आमच्या घरातला पहिला पदवीधर झालो. खेळ सर्वांना सारखा हवा, हे खरंच. पण आधी तो सर्वांना दिसायला हवा, याबद्दल मला शंका नाही.

"मलाही पाठवा ते ॲप," सावंत मॅडम म्हणाल्या. "बघतेच कसे जिंकता!"

आज चौघंही त्याच ॲपवर खेळलो. सर सपशेल हरले, आणि मॅडमनी जराही दयामाया न दाखवता त्यांना चिडवलं.