लॅपटॉपच्या पंख्यात झेंडूच्या पाकळ्या

गेमवाल्यांनो, तुमच्यापैकी कोणाच्या लॅपटॉपमधून कधी अक्षता निघाल्यात का? माझ्या लॅपटॉपमधून आज निघाल्या.

सकाळपासून मेडशीत, गावच्या घरी बसून गेम बनवायचं सॉफ्टवेअर टाकत होते. आधी विंडोज अपडेट केलं, ग्राफिक्सचा ड्रायव्हर नवा टाकला, डिस्कवर जागा केली. तरी इन्स्टॉल अर्ध्यावर आलं की लॅपटॉप तापून बंद! ड्रायव्हर काढून पुन्हा टाकला, तरी तेच. स्वतःचा गेम बनवायच्या भरवशावर पुण्याची नोकरी सोडून आलेय मी, रडूच आलं.

शेवटी खालचं झाकण खोललं. पंख्यात झेंडूच्या पाकळ्या, हळद आणि अक्षता!

"आई, हे काय केलं वं?" मी ओरडलेच.

"दसऱ्याले पूजा केली ना त्याची," आई तुरीची डाळ पाखडता पाखडता म्हणाली. "इळ्याले, फवारणीच्या पंपाले हळदकुंकू लावलं, मंग त्यालेच काहून नाही? तुह्यं अवजार हाय ना थे?"

माझा राग तिथंच विरला. दसऱ्याआधी हीच आई पाहुण्यांना सांगायची, "पोरगी दिवसभर खेळत बसते."

ब्रशनं सगळं झाडून काढलं. आता सॉफ्टवेअर नीट बसलंय आणि पडद्यावर माझ्या गेमचं पहिलं रिकामं मैदान उघडलंय. पुढच्या दसऱ्यालाही पूजा होईल, फक्त पंख्याच्या जाळीवर फडकं टाकून.

तुमच्या कामाला घरच्यांनी अवजारांच्या रांगेत कधी बसवलं हो?