पॉलिमरवाल्या मॅडम

"पहिले एक हात सोडा पोट्ट्याहो, मंग शेजारचीचा धरा!"

चांदूर बाजारच्या आमच्या कॉलेजात वर्षातून एकदा हा आवाज थेट व्हरांड्यापर्यंत यायचा. बारावीचा पॉलिमरचा धडा आला की रसायनशास्त्राच्या मॅडम प्रयोगशाळेतली बाकं भिंतीला सरकवायला लावत. सरकवायचो अर्थात मी, तिथला लॅब असिस्टंट.

मुलींच्या जोड्या करायच्या. दोघींनी समोरासमोर उभं राहून एकमेकींचे दोन्ही हात धरले की झाला इथिलीनचा एक रेणू, म्हणजे मोनोमर. मग जोडीने आपसातला एक हात सोडायचा आणि मोकळे झालेले हात दोन्हीकडच्या जोड्यांना द्यायचे. बघता बघता भिंतीपासून भिंतीपर्यंत साखळी. "हे झालं पॉलिथिन. असे हजारो रेणू जुळले, की तुमची दुधाची थैली." मग प्रत्येक जोडीतल्या एकीच्या खांद्यावर हिरवी ओढणी. "हे क्लोरीन. आता तुमी पीव्हीसी. लाजू नका." मुलांची रांग वेगळी, आणि हमखास वाकडी.

मॅडम अमरावतीहून एसटीने येत. डब्यातली ठेचा-भाकर मला दिल्याशिवाय खात नसत, आणि माझ्याकडून काचेची नळी फुटली की "तुमाले हात हायेत का फावडे?" असंही विचारत.

एका वर्षी मुली विषम भरल्या. एकटी उरली ती भंगार वेचणाऱ्या बाईची मुलगी. मॅडम स्वतःच तिच्या जोडीला उभ्या राहिल्या. साखळी तिच्यापर्यंत आली आणि शेजारच्या मुलीने हात मागे घेतला. भाजीपाला पिकवणाऱ्या घरातली ती पोर, स्वभावाने वाईट नव्हती. खाली बघत म्हणाली, "तिच्या हाताले वास येते, मॅडम."

कोणीतरी हसलं. सांगायला लाज वाटते, पण तिची परीक्षानळी मीही रोज टेबलावर ठेवायचो, हातात देत नव्हतो.

मॅडम रागावल्या नाहीत. तिचा हात धरून घंटा होईपर्यंत तशाच उभ्या राहिल्या. मग तिला एवढंच म्हणाल्या, "उद्या घरून प्लास्टिकचे तुकडे आन. मले शिकव."

दुसऱ्या दिवशी ती पिशवी भरून तुकडे घेऊन आली. बादलीचा काठ, शाम्पूची बाटली, पाण्याचा पाइप. एकेक तुकडा वाकवायची, टेबलावर आपटून आवाज ऐकायची आणि पाण्यात टाकायच्या आधीच सांगायची, "हे तरंगन. हे बुडन." एकही चुकला नाही. मॅडम पहिल्या बाकावर बसून वहीत उतरवून घेत होत्या. मध्येच म्हणाल्या, "हळू सांग ना व, लिहून राहिली मी."

तिसऱ्या दिवशी ती भाजीवाल्या घरातली मुलगी ठिबकच्या काळ्या नळीचा तुकडा घेऊन तिच्यासमोर उभी राहिली.

"नवीन हाय. काहून तडकते?"

हिने नळी पाण्यात टाकली. तळाशी गेली.

"चांगलं पॉलिथिन तरंगते. याच्यात खडूची भुकटी भरली हाय."

त्या मुलीच्या वडिलांनी दुकानदारासमोर बादलीत तुकडा बुडवून दाखवला आणि अख्खं बंडल बदलून आणलं. पुढच्या आठवड्यात दोघी एका बाकावर बसू लागल्या. मीही भंगारवाल्या बाईच्या मुलीची परीक्षानळी तिच्या हातात देऊ लागलो.

निवृत्तीनंतर मॅडम अकोल्याला बहिणीकडे राहायला गेल्या. हळूहळू त्यांना माणसं आठवेनाशी झाली. भंगारवाल्या बाईची ती मुलगी आता तिथल्याच एका पाइपच्या कारखान्यात तपासणीचं काम करते. दर रविवारी ती मॅडमकडे जायची.

यंदा मॅडम गेल्या. त्याच्या पंधरा दिवस आधी मी त्यांना भेटलो होतो. ती मुलगी त्यांच्या उशाशी बसून केस विंचरत होती. "मॅडम, लॅबवाले भाऊ आले." मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. ओळख नव्हती. खोलीत आम्ही तिघंच. तरी ओठांवर बोट ठेवून त्या हळूच म्हणाल्या, "बसा. तास चालू हाय."

मी खाली सतरंजीवर बसलो.