मुंग्यांना वाट देणारे मुकादम

"थांबा भाऊ, यायले जाऊ द्या," म्हणत आमचे मुकादम हात आडवा धरायचे. मुंग्यांची रांग पायवाट ओलांडेपर्यंत खांद्यावर बांबू घेतलेली माणसं खोळंबायची. कुणी कुरकुरलं की म्हणायचे, "पाहा, यायच्यात मुकादम कोनी नाई, तरी काम बराबर."

"मग तुम्ही कशाला?" मी चिडवायचो.

"तुमच्याशी भांडाले कोनी तं पायजे ना!"

एकोणीसशे पन्नासनंतरचे ते दिवस. पोंभुर्ण्याच्या जंगलात बांबूतोडीच्या ठेक्यावर मी नवा मोजणीदार होतो. नोकरी अजून कच्ची होती.

एकदा मुकादमांनी मुंग्यांच्या वाटेवर लांब काटकी आडवी टाकली. तिचं एक टोक वाटेला जवळ होतं, दुसरं दूर. रांग फुटली, मुंग्या दोन्हीकडे भटकल्या. मुकादमांची बिडी संपेपर्यंत सगळी रहदारी जवळच्या टोकाकडून सुरू झाली. जवळून गेलेल्या मुंग्या लवकर परततात, तिथे त्यांचा वास दाट होतो आणि मागच्या त्याच वासाने चालतात. हुकूम कुणाचाच नसतो. मॅट्रिक झालेल्या मला हे त्यांनी उकिडवं बसवून दाखवलं.

पुढे गाडीरस्ता आखायची वेळ आली. ते म्हणाले, "आठ दिवस मानसायले चालू द्या, भाऊ. पाय जिथून जातीन, तिथीच खुंट्या मारू."

मला कुठला धीर! नकाशावर पट्टी ठेवली, सरळ रेघ ओढली आणि खुंट्या मारून घेतल्या. पहिलीच भरलेली गाडी नाल्याकाठच्या चिखलात रुतली. एका बैलाचा पाय मोडला.

ठेक्याचे साहेब चवताळून आले. "कोणी आखला हा रस्ता?"

मी हातातल्या नकाशाची गुंडाळी करू लागलो.

"म्याच," मुकादम म्हणाले. साहेबांनी तिथल्या तिथे त्यांची मुकादमी काढून घेतली.

संध्याकाळी मी त्यांच्या झोपडीवर गेलो. "उद्या साहेबांना खरं सांगतो," म्हणालो. ते कोयत्याला धार लावत होते. मान वर न करता हसले.

"मले बांबू तोडता येते, भाऊ. तुमाले का येते?"

मी परतलो आणि साहेबांना खरं कधीच सांगितलं नाही. रस्ता मात्र आठ दिवस थांबून, माणसांच्या पायवाटेवरूनच पुन्हा आखला. तो टिकला. साहेबांनी माझी पाठ थोपटली आणि नोकरी पक्की केली.

पुढच्या हंगामात ते तोडीला आले नाहीत. गडचिरोलीकडे गेले, एवढंच कळलं. मी त्यांचा फार ऋणी आहे. ते "म्याच" म्हणाले, म्हणून माझं घर चाललं, मुलं शिकली.