मॅडमच्या सिनेमातली आई

अल अझीझियात एका डॅनिश बाईच्या घरी मी नऊ वर्षं स्वयंपाक केला. नवरा गॅसच्या कंपनीत, म्हणून ती कतारला आलेली. ती पुस्तकं आणि सिनेमे लिहायची. मी चौथी शिकलेली. सिनेमाही कोणी आधी लिहून काढतं, हे मला माहीत नव्हतं.

तिची हकिगत तिनेच मला थोडी थोडी सांगितली. बाप समुद्रावर मासे मारायचा. ती आधी शाळेत शिकवायची, मग मुलांसाठी पुस्तकं लिहिली. एका पुस्तकावर सिनेमा निघाला आणि ती त्या धंद्यात शिरली. "पुस्तकात माझं चालतं, सिनेमात काढणाऱ्याचं," म्हणायची. आमचं बोलणं मोडक्या हिंदी-इंग्रजीत चाले. लिहिताना ती फरशीवर कागद पसरायची आणि त्यांच्यामधून चालत सगळ्यांची वाक्यं मोठ्याने बोलायची. सुरुवातीला मला वाटलं, बाईला बाधा झालीय.

एकदा कांदा चिरताना मी तिला माझ्या मुलीचं सांगितलं. मी इथे, मुलगी रत्नागिरीकडे माझ्या जावेपाशी. एकोणिसाव्या वर्षी काविळीने गेली. मॅडमने विचारलं, "लिहू का?"

"लिहा. माझं नाव घालू नका."

चार महिन्यांनी तिने वाचून दाखवलं. आई विमानाने पोचते, चादर बाजूला करते, मुलीचा चेहरा बघते.

"हे खोटं आहे," मी म्हटलं. "आमच्यात मयत ठेवत नाहीत. ती पहाटे गेली, दुपारी असरच्या नमाजानंतर दफन झाली. मी तिसऱ्या दिवशी पोचले. बायका भांडी घासत होत्या. मीही बसले घासायला."

"तुझ्यासाठी एक दिवसही थांबले नाहीत?"

"तुमच्याकडे किती ठेवतात?"

"माझ्या वडलांना आठ दिवस ठेवलं होतं."

"मग बघितलंत ना तोंड?"

ती कागद गोळा करू लागली. "शूटिंग चालू होतं. नाही गेले."

"आठ दिवस होते तरी? आणि इथे मला विमानाने वेळेत पोचवताय."

असं बोलायला नको होतं. बोलले खरं.

तिने तो चेहरा काढून टाकला. आई भांडी घासते, तिथे सिनेमा संपवला आणि पाठवून दिला. मग डेन्मार्कहून फोन सुरू झाले. ती बागेत उभी राहून तिच्या भाषेत भांडायची. एक दिवस आत येऊन म्हणाली, "लोकांना चेहरा हवा, म्हणतात. मी नाही म्हटलं. आता दुसरा कोणी लिहील. खलास."

"घाला की परत. माझं काय जातंय?"

"नको. वडलांच्या वेळी मी सिनेमाचं ऐकलं होतं. एकदा ऐकलं तेवढं बस."

त्यानंतर तिला काम आलं नाही. ती स्वयंपाकघरात स्टुलावर बसून माझ्याकडे बघत राहायची. मला राग यायचा, तिचा की माझा, ते सांगता येत नाही. नवऱ्याची नोकरी संपली, ते परत गेले. दोन वर्षांनी त्याचा फोन आला. मॅडम वारली.

मी आता इथेच कतारात, अल मुंतझात मुलाकडे असते. गेल्या महिन्यात नातीने तो सिनेमा लॅपटॉपवर शोधून लावला. मॅडमचं नाव होतं, पण शेवटी, बारीक अक्षरात. आई विमानाने आली. तिने चादर बाजूला केली.

नात तिच्या इंग्रजीत म्हणाली, "दादी, असं झालंच नव्हतं ना? बंद करू?"

"राहू दे," मी म्हटलं. "जरा मागे घे."

सिनेमातली ती मुलगी माझ्या मुलीसारखी अजिबात दिसत नव्हती. नाक वेगळं, रंग वेगळा. ज्या चेहऱ्यापायी मॅडमने आपलं काम घालवलं, तो मी तीनदा बघितला.