फ्रांगूलाचा छंद

फ्रांगूलाच्या अंगाला कायम आतड्यांचा वास येई. आमच्या ग्रीक बेटावरच्या खाटकांची आतडी ती बंदराच्या पायरीवर धुई, आणि त्याच हातांनी नाक पुसे. विधवा, निपुत्रिक, तोंडाची फाटकी. कार्निव्हलमध्ये चौकात उभी राहून घराघराची लफडी पद्यात ओरडे. मी खिडक्या लावून घेई.

तो छंद मात्र मला ओळखीचा होता. लघु-गुरू, लघु-गुरू. शाळेत सिस्टरने शिकवला होता: मुलगी हरवलेल्या देवीने अन्नपाणी सोडले, तेव्हा इयांबी नावाच्या दासीने थट्टा करून तिला हसवले, तिच्यावरून शिवीगाळीच्या त्या छंदाला इयांबोस म्हणू लागले. थट्टा कसली, ते सिस्टरने सांगितले नाही.

माझी मावसबहीण आनेझीना हिचा मुलगा बुडाला आणि तिने खाणे टाकले. आम्ही जपमाळ म्हटली, रीतीप्रमाणे माशाचे सूप नेले. ती भिंतीकडे तोंड करून पडून राही. डॉक्टर म्हणाले, असेच चालले तर जाईल.

अशात फ्रांगूला आत शिरली. सुतकाच्या घरात आतड्यांच्या सुपाचे पातेले घेऊन! वर चरबीचा पिवळा थर.

"बाहेर हो! सुतकात मांस आणतेस?" मी ओरडले.

"ओरडू नकोस ताई, तुझ्या माशाने काय दिवे लावले?"

ती खाटेवर बसली आणि कोपऱ्यातल्या लिनार्दोसकडे, आनेझीनाच्या म्हाताऱ्या नवऱ्याकडे, बोट करून तिने मांडीवर ताल धरला:

"तुझा धनी जुना घडा,
तळी फुटे, झरे सदा!"

पुढच्या ओळी मी लिहिणार नाही. लिनार्दोस लाल झाला. क्रुसासमोर, मेलेल्या पोराच्या फोटोखाली हे असले!

भिंतीकडून घोरल्यासारखा आवाज आला. आनेझीना हसत होती. डोळे गळत होते, नाकही.

"खोटं नाही गं," ती म्हणाली, "गादी रोज मीच उन्हात घालते."

"मग ताकद नको का? आ कर, भवाने."

फ्रांगूलाने काळ्या नखाचा अंगठा बुडवून वाटी भरली. आनेझीनाने ती चाटूनपुसून संपवली आणि ढेकर दिली. फ्रांगूलाने खूश होऊन जमिनीवर थुंकले.

"ताई, अजून एक वाटी भर तिला."

पातेल्यात एक पांढरे, केसाळ आतडे वर तरंगले. मी नाकाला रुमाल लावला आणि वाटी भरली.